रानाने घेतलेलं नाव

रानाने वासू गवसाचं नाव घेतलं आणि वासू गवसाने ते मुकाट कबूल केलं. आंबेखोल गावात त्या वर्षी दुसरा विषयच नव्हता. ज्या यंत्राने हे नाव शोधून काढलं, ते झाडाझाडावर नेऊन बांधणारी शर्वाणी ही वासूची सख्खी पुतणी. आईबाप लहानपणीच गेल्यावर तिला वाढवलं ते याच वासूकाकाने आणि शेवंतीकाकीने. आणि तालुक्याच्या कोर्टात उभं राहून ते नाव वाचून दाखवणारीही तीच.

यंत्राचं नाव होतं रानकान. शास्त्रज्ञ मंडळी नावं ठेवण्याच्या बाबतीत एरवी अगदी रुक्ष असतात, पण हे नाव त्यांना झकास सुचलं होतं. साबणाच्या डबीएवढी एक पेटी, तिला चार बाजूंनी चार बारीक कान. अशा पेट्या आंबेखोलच्या मागे सह्याद्रीला टेकलेल्या सदाहरित रानात बसवलेल्या होत्या. कुठलाही आवाज एका पेटीपर्यंत आधी पोचतो, दुसरीपर्यंत डोळ्याचं पातं लवायच्याही आत, पण किंचित उशिरा. या उशिरावरून आवाज नेमका कुठल्या फांदीवरून आला हे शर्वाणीच्या संशोधन संस्थेतलं संगणकाचं डोकं ठरवी. मग ते आवाजांचा गुंता सोडवी. मिसळीतून वाटाणा, फरसाण आणि कांदा वेगवेगळा काढून ठेवावा, तसे रातकिडे एकीकडे, बेडूक एकीकडे, पाखरं एकीकडे.

इथवर काही नवल नव्हतं. जगभरच्या जंगलांत असे कान लागलेले होते. पाखरांची धोक्याची हाक एकच एक नसते, हेही जुनंच ज्ञान. ससाण्यासाठी वेगळी, सापासाठी वेगळी, बिबट्यासाठी वेगळी. त्रास देणाऱ्या माणसाचा चेहरा कावळे वर्षानुवर्षं लक्षात ठेवतात, आणि ज्यांनी तो माणूस कधी पाहिलाच नाही अशा आपल्या पिल्लांनाही त्याची ओळख करून देतात, हेसुद्धा माहीत होतं. रानकानाने याच्या पुढची पायरी गाठली. त्याने दाखवून दिलं की आंबेखोलच्या रानात एका माणसासाठी, फक्त एकाच माणसासाठी, खास हाक आहे. आधी भृंगराज पक्षी तीन उतरत्या शिट्या देई, लगेच शेकरू फांदीवरून खडखड करी, आणि मग आसपासचे धनेश पक्षी चिडीचूप होत. इतर कुणीही रानात शिरलं तर ही हाक उठत नसे.

तो माणूस कोण, हे मात्र यंत्राला सांगता येत नव्हतं. तेवढं माणसांनी शोधायचं होतं. आणि माणूस मध्ये आला की घोळ आलाच.

त्या शोधाची निकडही होती. धनेशाची मादी अंडी घालण्याआधी झाडाच्या ढोलीत जाऊन बसते आणि ढोलीचं तोंड आतून लिंपून घेते. चोच बाहेर निघेल एवढीच फट ठेवते. पुढचे कित्येक आठवडे नर बाहेरून फळं आणून भरवतो. तो आला नाही तर आतली सगळी उपाशी. आंबेखोलच्या रानात गेल्या तीन हंगामांत अशा ढोल्या एकापाठोपाठ एक फुटलेल्या सापडत होत्या. आत चार पिसं, बाकी काही नाही. आणि ती खास हाक उठली की दोनतीन दिवसांत एखादी ढोली फुटे, हा हिशेब बिनचूक जुळत होता.

रानात कोकमं, शिकेकाई, मध आणायला जाणाऱ्या प्रत्येक गावकऱ्याला संस्थेने रानपास दिला होता. ओढ्याजवळच्या फाटकापाशी तो आपोआप नोंदला जाई. शर्वाणीने हाकेचे दिवस आणि पासांचे दिवस समोरासमोर ठेवले. यंत्राने क्षणभरात उत्तर दिलं: वासुदेव गवस. तिने पुन्हा हिशेब केला. पुन्हा वासुदेव गवस. तिसऱ्यांदा करायची तिची हिंमत झाली नाही.

ती गप्प बसू शकली असती. बसली नाही. नातं बघून आकडे बदलायचे असते तर एवढं शिकलो कशाला, असं तिने स्वतःला बजावलं आणि सही केली. खरं सांगायचं तर त्या सहीचा तिला जरा अभिमानही वाटला.

वासूकाकाला वनखात्याच्या बंगल्यावर बोलावलं, तेव्हा अधिकाऱ्याने त्याला ती हाक ऐकवली. तीन शिट्या, खडखड, मग शांतता. म्हातारा मान तिरकी करून ऐकत राहिला.

"ह्यां रान बोलता?"

"होय," अधिकारी म्हणाला.

"माझ्याबद्दल?"

अधिकाऱ्याने शर्वाणीकडे पाहिलं. घरात जन्मभर मालवणी बोललेली ती मुलगी पुस्तकी मराठीत म्हणाली, "होय काका. तुमच्याबद्दल."

काकाने खिडकीबाहेर रानाकडे बघितलं. मग म्हणाला, "तरण्यापणात मी बंदूक घेवन फिरलंय. लय जीव मारलंय. मी इसारलंय, रान नाय इसारला."

"ते जुनं झालं हो. या ढोल्या तुम्ही फोडल्यात का, एवढंच सांगा."

"रान म्हणता तर होय. त्येका खोटा बोलान काय मिळाचा आसा?"

अधिकाऱ्याला हवं ते मिळालं. दुसऱ्या दिवशी संस्थेच्या संचालकांचा, डॉ. पुष्कर आठल्यांचा फोटो सगळीकडे झळकला. रान आता स्वतः साक्ष देऊ लागलंय, असं ते म्हणाले होते. वासूकाका कच्च्या कैदेत गेला. शिक्षा सात वर्षांपर्यंत होऊ शकत होती आणि त्याचं वय एकाहत्तर. म्हणजे काय ते गावात सगळ्यांना समजत होतं. शेवंतीकाकीने शर्वाणीची कपड्यांची पेटी ओटीवर आणून ठेवली आणि दाराला कडी घातली.

*

पौषात आंबेखोलची गावपळण आली.

दर तीन वर्षांनी देवाचा कौल घेऊन अख्खं गाव तीन दिवस गाव सोडून जातं. माणसं, गुरं, कोंबड्या, कुत्री, मांजरं, सगळी नदीपलीकडच्या माळावर झावळ्यांच्या खोपींत. चुली विझवायच्या, दारं लावायची आणि शिवेच्या आत पाऊल टाकायचं नाही. त्या दिवसांत गाव आणि रान देवाचं. गावपळण मोडली असं कुणाच्या आठवणीत नव्हतं. वनरक्षकही मान राखून अलीकडेच थांबत. ड्रोनने घरोघरी औषधं पोचवणारा तरुण सरपंचसुद्धा आपलं कुत्रं साखळीला बांधून माळावर आला होता.

शर्वाणीही आली. तालुक्याला खोली घेऊन राहत असली तरी ती गवसच होती. तिची खोप माळाच्या टोकाला, काकीची मधोमध. दोघींच्या मध्ये सगळा गाव.

पण तिच्या डोक्यात दुसरंच चाललं होतं. माणसाचा मागमूस नसलेलं रान तीन दिवस ऐकायला मिळणं ही चैन कुठल्याही शास्त्रज्ञाच्या नशिबात नसते. नेमके वरच्या अंगाच्या पेट्यांचे सेल संपत आले होते. त्या पेट्यांच्याच दोन झाडांवर ढोल्यांत माद्या नुकत्याच बसल्या होत्या. पहिल्या दिवशी दुपारी माळावरची माणसं जेवून आडवी झाली आणि ती नदीच्या वरच्या अंगाने, कुणाला न दिसता शिवेच्या आत शिरली.

तिने नेहमीसारखं सगळं केलं. सेल बदलले. मग पिशवीतून मुठेलाचा, म्हणजे कोकमाच्या तुपाचा, गोळा काढला आणि पेटीखाली खोडाभोवती बोटभर जाड कडं फासलं. मुंग्या पेट्यांच्या कानांतला मऊ स्पंज खात, त्यावर हा तिचा स्वतःचा उपाय होता. परदेशी मलम महाग आणि घाण वासाचं. कोकमाच्या बियांचं तूप कोकणातल्या प्रत्येक घरात टाचांच्या भेगांसाठी असतंच, आणि त्या तुपकट कड्यावरून मुंगी वर जात नाही. संस्थेच्या वार्षिक सभेत या युक्तीला टाळ्या पडल्या होत्या. दिवस कलायच्या आत ती माळावर परत आली. कुणीही काही विचारलं नाही.

दुसऱ्या दिवशी खोपीत बसून तिने रानकानाच्या नोंदींचा पडदा उघडला.

ती हाक होती. तीन शिट्या, खडखड, धनेश चूप. कालच्या दुपारची.

काका तुरुंगात. गाव माळावर. तरीही रान त्या एका माणसाला बघून ओरडत होतं. म्हणजे चोर दुसराच होता. काकाने काही केलेलं नव्हतं. तिच्या डोळ्यांतून घळाघळा पाणी वाहू लागलं, आणि तशातच तिने आठल्यांना फोन लावला.

"सर, तो मोकळाच आहे. काल आत होता. गावपळणीत सगळे बाहेर आहेत हे हेरून शिरलाय. काका निर्दोष आहे, सर."

"थांब, थांब," आठल्ये म्हणाले. माणूस हुशार आणि घाईचा शत्रू. "हाक आहे तर पावलंही असतील. गाव रिकामं आहे म्हणतेस ना? मग आत जेवढी पावलं वाजली असतील तेवढी त्याचीच. पावलांचा थर उघड."

तिने उघडला. पालापाचोळ्यावर वाजणारी पावलं स्वच्छ ऐकू आली. एकाच माणसाची, झपाझप चढणारी. ओढ्याशी जरा थांबलेली. उजव्या पावलाला दर खेपेला चुर्र असा बारीक आवाज येत होता, बुटाचा तळ सुटत आला की येतो तसा.

शर्वाणीने आपल्या पायांकडे पाहिलं. उजव्या बुटाचा तळ पुढच्या बाजूने उकललेला होता. तिने बसल्याबसल्या पाऊल जमिनीवर दाबलं. चुर्र.

"काय गं? ऐकतेयस ना?" फोनमधून आठल्ये विचारत होते.

बाहेर कुणीतरी म्हशीला हाकत होतं, पोरं चेंडू खेळत होती. तिला ते सगळं फार लांबून आल्यासारखं वाटलं. मग ती म्हणाली, "सर, ती मी आहे."

"म्हणजे?"

"काल आत फक्त मी होते. दुसरं कुणीही नव्हतं. रान मला बघून ओरडतंय."

*

चूक अगदी साधी होती, आणि ती तिने स्वतःच करून ठेवली होती. पेटी हाताळताना कानाजवळ खडखडाट होतो, म्हणून संस्थेच्या माणसांची पावलं आणि पास हिशेबातून आधीच वगळायचे, अशी अट तीन वर्षांपूर्वी तिनेच घातली होती. संशयितांच्या यादीत अख्खा गाव होता. ती स्वतः तेवढी नव्हती. तिने ती अट काढून टाकली आणि तिन्ही हंगाम पुन्हा तपासायला लावले.

प्रत्येक हाक तिच्या फेरीच्या दिवशी होती. एकही सुटलेली नाही.

पण हाक कशासाठी? तिने आयुष्यात एक अंडं उचललं नव्हतं. मग तिने प्रत्येक फेरीनंतरच्या रात्री ऐकायला घेतल्या. ऐकायचं काय, ते आता तिला माहीत होतं. अंधार पडल्यावर खोडावर नखं घासल्याचा आवाज. पेटीच्या अगदी खाली येऊन थांबलेला. मग चपचप, चपचप, मन लावून चाटल्याचा. रानकानाने त्यापुढे इमानेइतबारे लिहून ठेवलं होतं: उदमांजर, नेहमीचा वावर, दखल घेण्याजोगं काही नाही.

उदमांजराला तुपकट, गोडसर वास फर्लांगभरावरून कळतो. एरवी ते ज्या सरळसोट झाडांच्या वाटेला गेलं नसतं, त्या झाडांवर तिने मुठेलाची पंगत मांडून ठेवली होती. कडं चाटून झालं की वर ढोली होतीच. लिंपलेली माती अजून ओली, आत हलता न येणारी मादी. एका जुन्या फेरीनंतरच्या तिसऱ्या रात्रीच्या नोंदीत मातीचे पापुद्रे पडल्याचा आवाज होता आणि त्यानंतर जे होतं ते तिने शेवटपर्यंत ऐकलं नाही.

पाखरांना मुठेल कळत नव्हतं, सेल कळत नव्हते. त्यांना एवढंच कळलं होतं की ही बाई येऊन गेली की रात्री मरण येतं. त्यांनी तिचा चेहरा लक्षात ठेवला, पिल्लांना शिकवला. तिने आपलं उभं आयुष्य ज्यांना वाचवण्यासाठी द्यायचं ठरवलं होतं, त्यांच्या लेखी रानातला सगळ्यात मोठा धोका तीच होती.

तिने आठल्यांना पुन्हा फोन लावून सगळं सांगितलं. त्यांनी आधी एकच विचारलं.

"कालच्या रात्रीचं काय?"

"उदमांजर दोन्ही झाडांवर चढलंय. ढोल्या अजून शाबूत आहेत."

"त्या बघता येतील, कडी पुसायला मी माणूस पाठवतो. हे बघ, शुक्रवारी सुनावणी आहे. सहा राज्यं रानकान घ्यायला निघालीयत. कितीतरी जंगलं यावर वाचणार आहेत. तू जे सांगतेयस त्याची आपण नीट, शांतपणे तपासणी करू. सहा महिने लागतील. घाई नको."

"आणि तोवर काका?"

"त्यांनी कबूल केलंय, शर्वाणी. आपण त्यांच्या तोंडात शब्द घातले नव्हते."

"घातले होते, सर," ती म्हणाली. "मीच घातले." आणि तिने फोन ठेवला.

*

तिसऱ्या दिवशी परतीचा कौल घ्यायला सगळा गाव शिवेवर जमला. सोमा घाडी, गावाच्या वतीने देवाशी बोलायचा मान त्याच्या घराण्याचा, पाषाणासमोर उभा राहून गाऱ्हाणं घालू लागला. "बा देवा म्हाराजा, तुझी लेकरां तीन दिस भायर रवली, काय चुकला माकला आसात तर पदरात घे म्हाराजा."

"व्हय म्हाराजा," गावाने साथ दिली.

"थांबा," शर्वाणी म्हणाली.

गाऱ्हाण्यात आजवर असं कुणी बोललं नव्हतं. माणसं वळून बघायला लागली. तिने आधी शब्द जुळवून ठेवले होते, ते सगळे विसरले.

"मी आत गेल्लंय. पयल्या दिसा, दुपारी. रानात."

क्षणभर कुणाला उमगलंच नाही. मग एकदम गलका उठला. म्हातारी माणसं कपाळावर हात मारून घेऊ लागली. सरपंच पुढे येऊन म्हणाला, "तुका काय कळता की नाय? शिकलंस म्हणजे सगळां माफ?"

"माफ करू नकात," ती म्हणाली. "पण ऐकान घेवा. मी गेलंय म्हणान माका कळला. रान वासूकाकाक बघून ओरडा नाय. माका बघून ओरडता. आत मी एकलीच होतंय आणि तां माका बघून ओरडला. काकाचो काय एक गुन्हो नाय. ढोली माझ्यामुळे फुटली." आणि मग मुठेलाचं, उदमांजराचं, स्वतःला वगळल्याचं, सगळं तिने सांगितलं. अडखळत सांगितलं, पण काही राखून ठेवलं नाही.

गर्दी बाजूला सारत शेवंतीकाकी पुढे आली. कित्येक महिन्यांत पहिल्यांदाच ती शर्वाणीसमोर उभी राहिली. तिने तिचा दंड धरला, इतका घट्ट की बोटं रुतली.

"परत सांग. माझो घोव सुटतलो?"

"मी कोर्टात लिवन देतलंय. काकाक सोडूचाच लागतला."

"आणि तू आत गेलंस म्हणान ह्यां कळला."

"होय."

काकीने दंड सोडला नाही. ती तशीच घाड्याकडे वळली. "सोमग्या, लाव कौल. देव काय म्हणता तां बघूया."

सोमा घाड्याने पाषाणाला पाकळ्या लावल्या. डावी पाकळी पडली, म्हणजे देवाचा नकार. त्याने पुन्हा लावल्या, पुन्हा डावीच. आणखी तीन दिवस भायर. गुरांचा चारा संपलेला, तान्ही पोरं कुरकुरत होती, रात्री थंडी हाडात शिरत होती. माणसांनी शर्वाणीकडे ज्या नजरेने पाहिलं, ती नजर ती जन्मात विसरणार नव्हती.

"रवूया," काकी मोठ्याने म्हणाली. "माझ्या घोवासाठी तीन दिस रवा. मी कोणाकडे कधी काय मागूक नाय."

कुणीतरी पुटपुटलं, कुणीतरी थुंकलं. पण माणसं एकेक करून खोपींकडे परतली. संध्याकाळी काकीने शर्वाणीच्या खोपीत पेजेचा टोप आणून आदळला आणि निघून गेली.

*

शर्वाणीने आपलं लेखी म्हणणं कोर्टात दिलं, संस्थेला राजीनामा दिला, आणि सुनावणीच्या आदल्या दिवशी तुरुंगात भेटीला गेली. काका जाळीपलीकडे येऊन बसला. खंगला होता. दाढीचे खुंट पांढरे झाले होते.

तिने एका दमात सगळं सांगितलं. तिला वाटलं, आता हा शिव्या देईल. दिल्या असत्या तर बरं झालं असतं.

"म्हणजे रानान माझां नाव घेवक नाय?"

"नाय, काका."

"मग माका बघून तां काय म्हणता?"

हेही तिने तपासलं होतं. काका मागाहून फाटकातून शिरून दुसऱ्या वाटेला लागला त्या प्रत्येक दिवसाचं त्याच्या आसपासचं रान तिने ऐकलं होतं. "काय म्हणना नाय," ती म्हणाली. "तुमी बसतास तेच्या डोक्यार पाखरां खातत, भांडतत, पिलांका भरवतत. कोणच थांबना नाय. जसा कोण इलोच नाय."

"बंदूक घेवन फिरलंय मी."

"ज्यांनी तां बघितला ती पाखरां कधीच मरान गेली, काका."

म्हाताऱ्याने दोन्ही हातांनी तोंड झाकून घेतलं. त्याचे खांदे हलत होते. पहारेकऱ्याने एकदा बघितलं आणि नजर दुसरीकडे वळवली. बऱ्याच वेळाने काकाने सदऱ्याच्या बाहीने डोळे पुसले.

शर्वाणीला एक कोडं अजून सुटलं नव्हतं. "पण काका, मी जाय तेच दिवस तुमी कित्याक जाय होतास? एक दिवस इकडेतिकडे नाय. मशीन चुकला तां तेच्यामुळे."

काका चोरी पकडल्यासारखा ओशाळला. "तू एकटीच जाय होतंस. वर गवे आसत. काय झाला तर? म्हणान मागसून येय होतंय. वडाकडे बसान रव्हय. तू खाली उतारलंस की मी घराक."

"तीन वर्सां?"

"मगे?"

"आणि ह्यां कोर्टात कित्याक सांगूक नाय तुमी?"

"काय सांगू? एवढ्या शिकलेल्या पुतणीची राखण करतंय म्हणान? तूच एकदा म्हणालं होतंस, काका, माझ्या मागसून येव नकात, लोक हसतत. तुका राग इलो असतो." त्याने मान खाली घातली. "आणि रानानच नाव घेतला म्हटल्यार मी काय बोलतलंय."

शर्वाणीने जाळीला कपाळ टेकलं. रडूही येत नव्हतं. आपण ज्याला सात वर्षांसाठी आत पाठवायला निघालो होतो, तो आपल्या पाठीमागे तीन वर्षं वडाखाली बसून होता. तिची बुद्धी, तिची प्रामाणिक सही, टाळ्या मिळवणारं मुठेल, सगळं तिला त्या क्षणी नकोसं झालं.

"रडा नको," काका म्हणाला, ती रडत नव्हती तरी. "मी भायर इलंय की दोघा जावया रानात. माझ्याबरोबर पाखरां बघतली तुका, तर भियाची हळूहळू थांबतली."

"नको, काका."

"कित्याक?"

"माका बघितला की नर चारो घेवन ढोलीकडे येणां नाय. मी असय तवसर आत मादी आणि पिलां उपाशी. आणि आता पिलांकाय शिकवल्यानी. मी परत कधी रानात जावचंय नाय." हे वाक्य तिने याआधी मनातसुद्धा पुरतं उच्चारलं नव्हतं.

भेटीची वेळ संपल्याची घंटा झाली. पहारेकरी जवळ येऊन उभा राहिला, तरी काका उठेना.

"तू जावचंस नाय," तो सावकाश म्हणाला, "तर मगे मी कित्याक जाव?"

पहारेकऱ्याने काकाच्या खांद्यावर हात ठेवला आणि त्याला आत नेलं.